मॉलमधली हवा वाळते कशी?

जुलैच्या पावसात पर्वरीला हायवेवरच्या 'मॉल दे गोवा'त शिरलं, की दोन पावलांत अंग हलकं होतं. गारव्यामुळे तसं वाटतं, अशी आपली समजूत. पण बाहेर तेव्हा 28-29 अंश आणि आत 24, म्हणजे फरक जेमतेम पाच अंशांचा. खरा फरक हवेतल्या पाण्याचा आहे, आणि मॉलची यंत्रणा पावसाळ्यात बरीचशी राबते ती त्या पाण्याशी झगडताना.

अशी चारी बाजूंनी बंद बाजारपेठ पहिल्यांदा उभी राहिली ती मात्र बर्फाच्या देशात. व्हिक्टर ग्रुएन हा 1903 साली व्हिएन्नात जन्मलेला वास्तुरचनाकार. हिटलरने ऑस्ट्रिया गिळला त्या 1938 साली तो अमेरिकेला निघून गेला. तिथली उपनगरं त्याला फार खुपली. घरं आहेत, गाड्या आहेत, पण चार माणसं सहज भेटतील असा चौक कुठे नाही. मिनेसोटा राज्यात मिनियापोलिसजवळच्या इडायना गावात 8 ऑक्टोबर 1956 रोजी त्याचं 'साउथडेल सेंटर' उघडलं. छताखाली 72 दुकानं, मधे उजेडाचं उंच अंगण, त्यात झाडं आणि पक्ष्यांचा भलामोठा पिंजरा. बाहेर पारा शून्याखाली वीस अंशांवर उतरला, तरी आत 24 अंश.

त्याने दुकानं दोन मजल्यांवर मांडली आणि मधे सरकते जिने ठेवले. त्यामुळे चालणं कमी झालं आणि एका मजल्यावरून दुसऱ्यावरची दुकानं दिसू लागली. एकमेकांशी स्पर्धा करणारी दोन मोठी दुकानंही त्याने एकाच छताखाली आणली. आजच्या मॉलमध्ये अशा मोठ्या दुकानाला अँकर स्टोअर म्हणतात. त्याच्याकडून चौरस फुटामागे भाडं कमी घेतात, कारण त्याच्यासाठी आलेलं गिऱ्हाईक वाटेतल्या लहान दुकानांतही शिरतं. भोवती हजारो गाड्यांचं पार्किंग होतं. अमेरिकेत महामार्गांचं जाळं विणायचा कायदाही त्याच 1956 सालचा.

ग्रुएनला मॉलभोवती घरं, शाळा, दवाखाना, बाग असं अख्खं गाव हवं होतं. लोकांनी नक्कल केली ती फक्त मॉलची आणि पार्किंगची. उतारवयात तो व्हिएन्नाला परतला आणि आपल्या कल्पनेच्या या पिल्लांची जबाबदारी त्याने जाहीरपणे झटकली. मला त्याची ती चीड रास्त वाटते.

भारतात हा साचा रुजला तो 1990 च्या दशकाच्या अखेरीस. पर्वरी त्याला सोयीचीच. मांडवीवर पूल झाला तशी पणजीपलीकडच्या या पठारावर वसाहत वाढत गेली. पुढे विधानसभाही इथेच आली. उपनगर, महामार्ग, गाड्या, सगळं जुळलं. हवा तेवढी जुळली नाही.

थोडा हिशेब करू. पावसाळ्यात 28-29 अंशांना आर्द्रता 85 टक्के असेल, तर एक घनमीटर हवेत साधारण 24 ग्रॅम पाण्याची वाफ असते. आत 24 अंश आणि 55 टक्के आर्द्रता राखायची तर तीच वाफ 12 ग्रॅमवर आणावी लागते. नुसती हवा पाच अंशांनी थंड करायला घनमीटरमागे सहा किलोज्यूल उष्णता काढली की भागतं. बारा ग्रॅम वाफेचं पाणी करायला मात्र जवळजवळ तीस किलोज्यूल काढावी लागते. म्हणजे बाहेरून घेतलेल्या हवेवर थंडाव्यासाठी जेवढे कष्ट, त्याच्या पाचपट ती वाळवण्यासाठी.

हे काम चालतं पडद्याआड. तळघरात किंवा गच्चीवर मोठे चिलर, म्हणजे पाणी गार करणारी यंत्रं, असतात. त्यांच्यातून सात अंशांच्या आसपासचं गार पाणी तांब्याच्या नळ्यांत फिरतं आणि त्या नळ्यांवरून हवा ढकलली जाते. आपल्या पावसाळी हवेचा दवबिंदू, म्हणजे ज्या तापमानाला वाफेचं पाणी व्हायला लागतं ते, 26 अंशांच्या जवळपास, त्यामुळे नळ्यांना टेकताच वाफेचं पाणी होऊन खालच्या ताटात गळायला लागतं. वाफ निम्म्यावर यायला हवा 14 अंशांपर्यंत उतरवावी लागते. बाहेर ऊन नसतं, भिंती तापलेल्या नसतात, तरी आर्द्रता काढायची म्हणून ती इतकी गार करावीच लागते. भर पावसात मॉलमध्ये हुडहुडी भरते ती बऱ्याचदा यामुळे.

दारंही याच कामाला जुंपलेली असतात. एकामागे एक दोन दारं, वरून खाली सुटणारा वाऱ्याचा झोत, आणि आत बाहेरच्यापेक्षा किंचित जास्त दाब. दार उघडलं की आतली हवा बाहेर पडावी, बाहेरची दमट हवा आत घुसू नये, एवढ्यासाठी हा खटाटोप.

गोव्याला हा ओलावा नवा नाही. सोलां (आमसुलं), सुकी मिरची, खारी मासळी, सगळं मे महिन्यात भरून ठेवायचं 'पुरुमेंत', म्हणजे पावसाळ्याची बेगमी, यातूनच आलं. हवाच वाफेने भरलेली असली की कुठल्याही वस्तूतलं पाणी उडून जायला जागा उरत नाही, म्हणून सुकवायचं ते पावसाआधीच. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात किंवा चतुर्थीआधी माटोळीचं, म्हणजे गणपतीवर बांधायच्या फळापानांच्या आराशीचं, सामान मांडलेल्या रस्त्यांवर ताडपत्र्या बांधतात, पण वारा कुणी अडवत नाही. बरोबरच आहे ते. दमट हवेत घाम वाळवतो तो वाराच.

म्हणून मला वाटतं, किनारपट्टीवरच्या मॉलने अख्खं पोट बंद करायचं कारण नाही. दुकानं थंड ठेवावीत. मधला चौक आणि येण्याजाण्याच्या वाटा वर छप्पर घालून बाजूंनी मोकळ्या सोडाव्यात, आपल्या बाल्कांवाला, म्हणजे घरापुढच्या बसायच्या ओसरीला, असतात तशा, आणि तिथे मोठे, सावकाश फिरणारे पंखे लावावेत. ग्रुएनचं डेट्रॉइटजवळचं 'नॉर्थलँड' 1954 साली उघडलं तेव्हा त्याच्या वाटा आभाळाखालीच होत्या. छत आणि काचा आल्या त्या मिनेसोटाच्या थंडीपायी.

जिथे बंद मॉल उभाच आहे, तिथे निदान गळणारं पाणी तरी धरावं. माणशी ताशी 30 घनमीटर ताजी हवा धरली, तर प्रत्येक गिऱ्हाइकामागे दर तासाला साधारण 360 ग्रॅम पाणी निघतं. हजार माणसं असली तर 360 लिटर. या पाण्यात क्षार जवळजवळ नसतात, त्यामुळे पिण्यासाठी नसलं तरी चिलरची उष्णता बाहेर टाकणाऱ्या कूलिंग टॉवरला ते फार चांगलं. टॉवरमध्ये पाणी सतत उडून जात असतं आणि मागे राहिलेले क्षार नळ्यांत पुटं धरतात. तिथे नळाचं पाणी ओतण्यापेक्षा हे सोडलं, तर पुटंही कमी धरतात.