कोन्दो दिग्दर्शक होते की 'अ‍ॅनिमेशन दिग्दर्शक'?

'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज' या 1988 च्या जपानी अ‍ॅनिमेशनपटाच्या श्रेयनामावलीत योशिफुमी कोन्दो हे नाव 'अ‍ॅनिमेशन डायरेक्टर' म्हणून दिसतं आणि मग सिनेमा त्यांनीच दिग्दर्शित केला असा समज होतो. दिग्दर्शक होते इसाओ ताकाहाता. जपानीतही 'कांतोकु' हा शब्द दोन्ही पदांत आहेच. पण नुसता कांतोकु म्हणजे दिग्दर्शक आणि साकुगा कांतोकु म्हणजे 'अ‍ॅनिमेशन डायरेक्टर', चित्रांचा कारभारी.

शॉट किती सेकंदांचा, कॅमेरा कुठे, पात्र कधी गप्प बसणार, हे दिग्दर्शक ठरवतो. मग अनेक जण आपापल्या शॉटची मुख्य चित्रं काढतात आणि नायिका दर शॉटला बदलते. इथे नाक वर, तिथे हनुवटी जड. साकुगा कांतोकु चित्रावर पातळ कागद ठेवतो, उजेडात खालच्या रेषा बघतो आणि चुकलेलं नाक पुन्हा काढतो. असं चित्रामागून चित्र. सिनेमा बघताना हे काम कुणाला जाणवलंच नाही, तरच ते जमलं म्हणायचं.

ताकाहाता स्वतः चित्रं काढत नसत, त्यामुळे त्यांना असा हात लागायचाच. 1979 च्या 'अ‍ॅन ऑफ ग्रीन गेबल्स' मालिकेत तो कोन्दोंचा होता. पुढे 'फायरफ्लाइज' आणि दुसरे दिग्दर्शक हायाओ मियाझाकी यांचा 'टोटोरो' हे सिनेमे एकाच वेळी बनत होते, आणि कोन्दो दोघांनाही हवे होते. मियाझाकी निदान स्वतः काढू तरी शकतात, या हिशोबाने कोन्दो ताकाहातांकडे गेले. 'फायरफ्लाइज'मधली, गोळ्यांच्या रिकाम्या डब्यात पाणी घालून तेच गोड लागतं म्हणून पिणारी चार वर्षांची सेत्सुको आठवून बघा. प्रसंग ताकाहातांचा, पण तिचे गाल, तिचं बसणं यांवर देखरेख कोन्दोंची.

1995 ला बाजू पालटली. 'व्हिस्पर ऑफ द हार्ट'चे दिग्दर्शक कोन्दो, साकुगा कांतोकु कितारो कोसाका. पटकथा आणि स्टोरीबोर्ड (शॉटवार कच्ची चित्रं) मियाझाकींचे, म्हणून हा सिनेमा सर्रास मियाझाकींच्या नावावर खपतो. म्हणजे ताकाहातांच्या सिनेमाचं श्रेय चुकून कोन्दोंना, आणि कोन्दोंच्या सिनेमाचं मियाझाकींना!

त्यानंतर मियाझाकींच्या 'प्रिन्सेस मोनोनोके'साठी कोन्दो पुन्हा साकुगा कांतोकु झाले, आणखी दोघांच्या जोडीने. तो 1997 मध्ये आला. जानेवारी 1998 मध्ये, वयाच्या 47 व्या वर्षी, ते गेले. दिग्दर्शक म्हणून चित्रपट एकच.