सातबाऱ्यावर स्त्रीचे नाव

सातबाऱ्यावर स्त्रीचे नाव : महाराष्ट्रात शेतजमिनीच्या अधिकार अभिलेखात (गाव नमुना ७/१२) कब्जेदार म्हणून स्त्रीची नोंद होणे. पेरणी, निंदणी, खुरपणी, वेचणी ही कामे मुख्यतः बायकांच्या अंगावर असतात, तरी २०१५-१६ च्या कृषिगणनेत देशातील वहितीधारकांपैकी (म्हणजे जमीन कसणारे किंवा कसून घेणारे) स्त्रिया १३.९६ टक्के होत्या आणि त्यांच्या वहितीखाली ११.७२ टक्के क्षेत्र होते. कृषिगणना वहिती मोजते, मालकी नव्हे; म्हणून हा आकडा मालकीचा म्हणून सांगणे चूक आहे.

खरेदी, बक्षीसपत्र, मृत्युपत्र, वाटणी आणि वारसा हे नाव लागण्याचे नेहमीचे मार्ग. गावात मात्र बाईचे नाव उताऱ्यावर येते ते बहुधा नवरा वारल्यावर.

कायद्याची चौकट. हिंदू उत्तराधिकार कायदा, १९५६ नुसार मृत्युपत्र न करता वारलेल्या पुरुषाच्या स्वकष्टार्जित जमिनीत आई, विधवा, मुलगे आणि मुली यांना समान वाटा मिळतो. चार एकर जमीन सोडून गेलेल्या माणसामागे आई, बायको, एक मुलगा आणि एक मुलगी असेल तर प्रत्येकी एक एकर. यात म्हातारी आई हमखास विसरली जाते. वडिलोपार्जित एकत्र जमिनीत मुलीला जन्मापासून हिस्सा देणारी दुरुस्ती महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून लागू केली, पण त्या दिवसाआधी लग्न झालेल्या मुली तीतून वगळल्या. ९ सप्टेंबर २००५ पासूनच्या केंद्रीय दुरुस्तीने ही अट गेली. मात्र २० डिसेंबर २००४ पूर्वी झालेल्या नोंदणीकृत वाटण्या आणि विक्री कायम राहिल्या. ९ सप्टेंबर २००५ रोजी वडील हयात असलेच पाहिजेत असे नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा खटल्यात ११ ऑगस्ट २०२० रोजी स्पष्ट केले. ‘आमची वाटणी तोंडी कधीच झाली’ हा भावांचा आवडता बचावही त्याच निकालाने अवघड केला : सरकारी कागदाचा भक्कम आधार नसेल तर तोंडी वाटणी सहसा मान्य होत नाही. अनुसूचित जमातींना १९५६ चा कायदा थेट लागू नाही. तिथे वनहक्क कायदा, २००६ महत्त्वाचा, कारण विवाहितांच्या वनपट्ट्यावर पती-पत्नी दोघांचे नाव लावणे त्यात बंधनकारक आहे.

वारस नोंद. मृत्यूनंतर तीन महिन्यांत तलाठ्याकडे (आता ग्राम महसूल अधिकारी) किंवा ई-हक्क प्रणालीवर अर्ज करतात. सोबत मृत्यूचा दाखला, सातबारा व आठ-अ (खात्याचा उतारा), शिधापत्रिकेची प्रत आणि सर्व वारसांची नावे-पत्ते असलेले प्रतिज्ञापत्र लागते. तलाठी वारस नोंदवहीत (नमुना ६-क) नोंद करून स्थानिक चौकशी करतो. वारस ठरले की फेरफार नोंदवहीत (नमुना ६) फेरफार, म्हणजे अभिलेखातील बदलाची नोंद, धरला जातो आणि संबंधितांना नोटीस निघते. हरकतीसाठी १५ दिवस असतात. हरकत आली तर प्रकरण विवादग्रस्त नोंदवहीत (६-अ) जाते, नाही तर मंडळ अधिकारी फेरफार प्रमाणित करतात. त्याविरुद्ध उपविभागीय अधिकाऱ्यांकडे ६० दिवसांत अपील करता येते.

घोळ होतो तो प्रतिज्ञापत्रात. ते बहुधा थोरला मुलगा करतो आणि बहिणींची नावे गाळतो, किंवा त्यांचा पत्ता माहेरचाच देतो. मग नोटीस त्याच्याच हातात पडते आणि १५ दिवस मुकाट निघून जातात. दुसरी चूक जास्त फसवी : बहिणींचे नाव उताऱ्यावर येते, पण कब्जेदारांत नव्हे, ‘इतर हक्क’ रकान्यात. नाव दिसते म्हणून बहीण निर्धास्त राहते. जुन्या उताऱ्यांवर ‘ए.कु.मॅ.’ (एकत्र कुटुंब मॅनेजर) म्हणून एकट्या थोरल्याचेच नाव असते, बाकी सारे वारस त्याच्या आड दडलेले. म्हणून केवळ आजचा उतारा पाहून भागत नाही. त्यावरचे फेरफार क्रमांक धरून मागे मागे जावे लागते. मयत खातेदारांच्या जागी वारस लावण्यासाठी राज्याने २०२५ मध्ये ‘जिवंत सातबारा’ मोहीम घेतली. नुसत्या वारस नोंदीने मालकी सिद्ध होत नाही आणि नाव गळल्याने हक्कही बुडत नाही; पण गळलेले नाव परत लावायला दिवाणी दाव्याची वर्षे जातात.

हक्कसोड. बहिणीने भावाच्या लाभात हिस्सा सोडणे, यासाठी नोंदणीकृत हक्कसोडपत्र लागते. तलाठ्यापुढचा जबाब किंवा साध्या कागदावरची संमती त्यासाठी पुरत नाही. सही बहुतेकदा दिवसकार्याच्या गर्दीत किंवा जमीन विकायला काढल्यावर घेतली जाते. कायद्याने हे स्वेच्छेचे असते. गावात सही न करणारी बहीण ‘हिस्सा मागणारी’ ठरते आणि माहेरची वाट बंद होण्याची भीती असते, म्हणून साडीचोळीवर एकरांचा व्यवहार मिटतो. स्त्रियांच्या जमीनहक्काची खरी गळती इथे आहे, कायद्यात नाही. वाचल्याशिवाय सही न करणे आणि ‘सामाईक राहू द्या, वाटणी नको’ म्हणणे हा मधला मार्ग काही बहिणी धरतात. नाव राहते, नांगर भावाचाच चालतो.

लक्ष्मीमुक्ती. शरद जोशी यांच्या शेतकरी संघटनेने नोव्हेंबर १९८६ मध्ये चांदवडला (जि. नाशिक) शेतकरी महिलांचे अधिवेशन भरवले. पुढे त्यातूनच पुरुषांनी हयातीतच काही जमीन बायकोच्या नावे करावी ही लक्ष्मीमुक्तीची मोहीम १९९० च्या सुमारास उभी राहिली. शंभर कुटुंबांनी तसे केले की ते गाव लक्ष्मीमुक्त. जळगाव जिल्ह्यातील विटनेर हे त्यांतले गाजलेले नाव. शासनाने १५ सप्टेंबर १९९२ च्या परिपत्रकाने पतीच्या अर्जावरून पत्नीचे नाव सहहिस्सेदार म्हणून लावण्याची सोय केली. अर्ज पतीनेच करायचा असतो, आणि जमीन भावांत सामाईक असेल तर त्याच्या हिश्शापुरताच. ही महसुली नोंद आहे, नोंदणीकृत हस्तांतर नव्हे. मालकी पक्की करायची तर बक्षीसपत्रच करावे. जमिनीवर सोसायटीचा किंवा बँकेचा बोजा असेल तर तो नाव लागल्यावरही तसाच राहतो.

नावाचा उपयोग. सोसायटीचे कर्जदार सभासदत्व, पीक कर्ज, नुकसानभरपाई आणि शेतकरी ओळख क्रमांक हे सगळे उताऱ्यावर बसते. यांत्रिकीकरणाच्या अनुदानात महिला शेतकऱ्याला ५० टक्के मर्यादा आहे, सर्वसाधारण शेतकऱ्याला ४०; त्यामुळे ट्रॅक्टर-अवजारांसाठी बायकोच्या नावे अर्ज करणारे नवरे वाढले. पीएम-किसानचे वर्षाला ६,००० रुपये मात्र पती, पत्नी आणि अज्ञान मुले मिळून एकाच कुटुंबाला मिळतात, शिवाय वारसा सोडून इतर मार्गाने १ फेब्रुवारी २०१९ नंतर नाव लागलेल्यांना ते मिळत नाहीत. या योजनेच्या आशेने लक्ष्मीमुक्तीचा अर्ज करण्यात अर्थ नाही.

स्त्रीच्या पश्चात. तिला मिळालेली जमीन हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या कलम १४ प्रमाणे पूर्णतः तिची असते. ती विकू शकते, मृत्युपत्र करू शकते. मृत्युपत्र नसेल तर जमीन आधी मुले आणि पती यांच्याकडे जाते. मूल किंवा नातवंड नसेल, तर आईवडिलांकडून वारशाने आलेली जमीन वडिलांच्या वारसांकडे परत जाते आणि पती किंवा सासऱ्याकडून वारशाने आलेली पतीच्या वारसांकडे.