इंटरनेट आर्काइव्हच्या खटल्यामागचा माणूस

४ सप्टेंबर २०२४ रोजी न्यूयॉर्कमधल्या अपील न्यायालयाने इंटरनेट आर्काइव्ह या जुनी वेबपानं आणि पुस्तकं ऑनलाइन जपणाऱ्या संस्थेच्या विरोधात निकाल दिला. छापील पुस्तकं स्कॅन करून ती वाचनालयासारखी ऑनलाइन वाचायला देणं कॉपीराइट कायद्यात बसत नाही, असं न्यायालयाने ठरवलं. हॅशेट, हार्परकॉलिन्स, वायली आणि पेंग्विन रँडम हाऊस हे चार प्रकाशक जिंकले. या वादाची मुळं संस्थेचे संस्थापक ब्रूस्टर केल यांच्या कारकिर्दीत बरीच मागे जातात.

केल १९८२ मध्ये अमेरिकेतल्या एमआयटीतून पदवीधर झाले आणि थिंकिंग मशीन्स या कंपनीत कनेक्शन मशीन नावाच्या महासंगणकावर काम करू लागले. तिथेच ‘वेस’ ही प्रणाली आकाराला आली. दूरच्या संगणकांवरचा मजकूर घरबसल्या शोधायची सोय, तीही वेब लोकांपर्यंत पोचण्याआधी! पुढे त्यांनी वेसची वेगळी कंपनी काढली आणि १९९५ मध्ये एओएल या अमेरिकी इंटरनेट कंपनीला विकून टाकली.

१९९६ मध्ये त्यांनी दोन संस्था एकदमच सुरू केल्या. ब्रूस गिलियट यांच्यासोबतची अलेक्सा इंटरनेट (बोलणारी अलेक्सा नव्हे) ही नफ्यासाठी, तर इंटरनेट आर्काइव्ह ना-नफा तत्त्वावर. अलेक्साचे क्रॉलर नावाचे प्रोग्राम वेबवर फिरून पानं गोळा करायचे आणि काही काळाने त्यांची प्रत आर्काइव्हला द्यायचे. १९९९ मध्ये ॲमेझॉनने अलेक्सा विकत घेतली, तरी हा रतीब चालूच राहिला. केल यांच्या ध्येयवादाचं कौतुक पुष्कळ होतं. मला त्यांची ही व्यवहारी चतुराई जास्त महत्त्वाची वाटते. अनुदानाची वाट पाहत बसले असते तर नव्वदच्या दशकातलं वेब आज कुठेच दिसलं नसतं. ऑक्टोबर २००१ मध्ये वेबॅक मशीन हे जुनी वेबपानं दाखवणारं आर्काइव्हचं दालन सर्वांसाठी खुलं झालं, तेव्हा पाच वर्षांचा साठा आधीच हाताशी होता.

वेबबद्दल मूळ मालकांनी फारसा आरडाओरडा केला नाही. पान नको असेल तर ते काढून टाकायची सोय होती. पुस्तकांचं तसं नव्हतं. अमेरिकेने १९९८ मध्ये कॉपीराइटची मुदत वीस वर्षांनी वाढवली. या वाढीला आव्हान देणारी सुनावणी २००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयात होती, तेव्हा केल पुस्तकं छापून देणारी गाडी घेऊन वॉशिंग्टनला पोचले. खटला हरला, पण स्कॅनिंग वाढतच गेलं. २००९ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोतलं एक जुनं चर्च संस्थेने विकत घेतलं. आजही मुख्यालय तिथेच आहे.

कॉपीराइटमधल्या पुस्तकांसाठी त्यांचा नियम साधा होता : छापील प्रत एक, तर एका वेळी वाचकही एकच. मार्च २०२० मध्ये कोविडमुळे वाचनालयं बंद पडली आणि आर्काइव्हने ही मर्यादा तात्पुरती उठवली. १ जूनला प्रकाशक न्यायालयात गेले. निकालात मात्र ‘एक प्रत, एक वाचक’ हा मूळ नियमही टिकला नाही. माझ्या मते ती सवलत ही डावपेचातली चूक होती. प्रकाशकांना आयतं निमित्त मिळालं. आर्काइव्हला पाच लाखांहून जास्त पुस्तकं उसनवारीतून काढावी लागली. सर्वोच्च न्यायालयात ते गेलेच नाहीत.

आपल्याकडेही ऑगस्ट २०१७ मध्ये चित्रपटांच्या पायरसीविरोधातल्या मद्रास उच्च न्यायालयाच्या आदेशामुळे आर्काइव्ह काही काळ बंद झालं होतं. खटल्याच्या निकालाचा फटका कॉपीराइट संपलेल्या पुस्तकांना बसलेला नाही. भारतात लेखकाच्या निधनानंतर साठ वर्षांनी हक्क संपतात, त्यामुळे ‘डिजिटल लायब्ररी ऑफ इंडिया’ प्रकल्पात स्कॅन झालेली जुनी मराठी पुस्तकं अजून आर्काइव्हवरून उतरवून घेता येतात. फक्त त्यातली बरीच शीर्षकं रोमन लिपीत आणि मनाला येईल तशी लिहिलेली आहेत, तेव्हा शोधताना दोन-चार स्पेलिंगं करून पाहावीत.