रॅप व्हिएतसब

इंग्रजी रॅपगीतांचे व्हिएतनामी चाहत्यांनी हौसेने केलेले भाषांतर. ‘व्हिएत’ आणि सबटायटलमधला ‘सब’ यांवरून हा शब्द आला; परदेशी मालिकांच्या व्हिएतनामी उपशीर्षकांनाही तो वापरतात. मोठ्या कंपन्यांपासून दूर राहून गाणी काढणाऱ्या अंडरग्राउंड रॅपरांच्या बाबतीत हे काम फार मोलाचे आहे. चाहत्यांनी ते केले नाही, तर सहसा दुसरे कोणी करत नाही.

आधी शब्द कानाने टिपावे लागतात. २००९ मध्ये सुरू झालेल्या ‘जीनियस’ या संकेतस्थळावर गीतांचे अर्थ ओळीओळीने उलगडलेले असतात, पण अनोळखी रॅपरांची गाणी तिथेही अर्धवटच सापडतात. ‘व्हिप’ म्हणजे चाबूक नव्हे, मोटार. ‘ब्रिक’ म्हणजे किलोभर कोकेन, हे शोधले की कळते. ‘बार्स’ मात्र अडवतो. रॅपच्या ओळी, तुरुंगाचे गज आणि झॅनॅक्स या शामक औषधाच्या गोळ्या हे तिन्ही अर्थ एकाच ओळीत आले, तर एक ओळीत ठेवून बाकीचे टिपेत सांगावे लागतात.

खरी कसोटी लागते ती सर्वनामांत. व्हिएतनामी माणूस बोलतो तो नात्याने: थोरला भाऊ ‘आन्ह’, धाकटे भावंड ‘एम’, आईपुढे स्वतः ‘कॉन’, म्हणजे लेकरू. जिवलग दोस्तीत किंवा भांडणात ‘ताओ’ म्हणजे मी आणि ‘माय’ म्हणजे तू. मराठीत तू म्हणावे की तुम्ही, एवढाच प्रश्न पडतो, ‘मी’ जागचा हलत नाही. तिथे ‘मी’सुद्धा बदलतो. पहिल्या कडव्यात प्रतिस्पर्ध्याला ललकारणारा आणि दुसऱ्यात आईची माफी मागणारा रॅपर इंग्रजीत एकच ‘आय’ वापरतो. भाषांतरात त्याचा ‘ताओ’ गळून ‘कॉन’ होतो आणि तो वाकल्याचे वाचणाऱ्याला तिथेच दिसते. मूळ गाण्यात नसलेली ही गोष्ट भाषांतरकाराची स्वतःची कमाई आहे.

यमक बहुधा सोडून द्यावे लागते. व्हिएतनामीत प्रत्येक अक्षराला सूर असतो. उत्तरेकडच्या बोलीत असे सहा सूर आहेत, आणि सूर बदलला की ‘मा’चा अर्थ भूत, आई, थडगे किंवा भाताचे रोप असा पालटतो.

ऐकता ऐकता भाषा शिकणाऱ्यांत हो चि मिन्ह सिटीची रॅपर सुबोईही आहे. एमिनेमसारख्या अमेरिकन रॅपरांच्या गाण्यांतून ती इंग्रजी शिकली. मे २०१६ मध्ये तिथेच बराक ओबामांसमोर तिने व्हिएतनामीत रॅप केला. त्यांनी अर्थ विचारला, तेव्हा तिने तो इंग्रजीत सांगितला.