क्रिस्टल पॅलेस: 1861 चा वेगळा, 1905 चा वेगळा

सेलहर्स्ट पार्क, लाल-निळे पट्टे, गरुड, 2025 च्या मे महिन्यात वेम्बलीवर मँचेस्टर सिटीला 1-0 ने हरवून जिंकलेला एफए कप, म्हणजे इंग्लंडची बाद पद्धतीची फुटबॉल स्पर्धा. हा क्रिस्टल पॅलेस, दक्षिण लंडनचा फुटबॉल क्लब, प्रीमियर लीग बघणाऱ्या कुणालाही ठाऊक असतो, म्हणून त्याच्यावर जास्त शाई खर्च करत नाही. घोळ दुसऱ्या क्रिस्टल पॅलेसचा आहे. तो 1861 मध्ये सुरू झाला आणि जेमतेम चौदा वर्षं टिकला. 2020 साली आजच्या क्लबने त्याला आपला पूर्वज ठरवून 1861 हे आपलं स्थापना-वर्ष म्हणून जाहीर केलं. तेव्हापासून 'जगातला सर्वांत जुना व्यावसायिक लीग क्लब' हे वाक्य जिथे तिथे डोकं वर काढतं.

आधी तो जुना क्लब कसा होता ते पाहू. 1851 च्या प्रदर्शनासाठी हाइड पार्कात उभारलेला जोसेफ पॅक्स्टनचा काचमहाल 1854 मध्ये दक्षिण लंडनला सिडनहॅमच्या टेकडीवर नेला गेला. त्याच्या आवारात एक क्रिकेट क्लब होता आणि त्यातल्या मंडळींनी हिवाळ्यासाठी फुटबॉल सुरू केला. पहिला नोंदलेला सामना मार्च 1862 चा, फॉरेस्ट क्लबविरुद्ध. 26 ऑक्टोबर 1863 ला फ्रीमेसन्स टॅव्हर्नमध्ये फुटबॉल असोसिएशनची (एफए, इंग्लंडच्या फुटबॉलची नियामक संस्था) पहिली बैठक झाली, तेव्हा सभासद झालेल्या 11 क्लबांत हा होता. म्हणजे खेळाचे नियम ठरत होते तेव्हा ही माणसं टेबलापाशी बसलेली होती. त्या पहिल्या नियमांत गोलखांबांमध्ये आठ यार्ड अंतर होतं, पण वर आडवी दांडी नव्हती, आणि प्रत्येक गोलनंतर संघ बाजू बदलत. खेळाडू पगारी नव्हते. इंग्लंडमध्ये पैसे घेऊन खेळायला अधिकृत मुभाच 1885 मध्ये मिळाली, तोवर हा क्लब संपून दहा वर्षं होत आली होती.

एफए कपच्या पहिल्या हंगामात, 1871-72 मध्ये, हा क्लब उपांत्य फेरीपर्यंत गेला. ऐकायला भारदस्त वाटतं, पण निकाल बघा. हिचिनशी 0-0. मेडनहेडवर 3-0. वाँडरर्सशी 0-0. रॉयल इंजिनिअर्सशी उपांत्य फेरीत 0-0 आणि पुन्हा खेळल्यावर 0-3. बरोबरी झाली तर दोन्ही संघांना पुढे पाठवायची सोय तेव्हाच्या नियमांत होती, त्यामुळे अख्ख्या स्पर्धेत एकच सामना जिंकून पॅलेस अखेरच्या चारात पोचला. याला खोड काढणं म्हणू नका. आजच्या बाद पद्धतीच्या चष्म्यातून 'उपांत्य फेरी' हे शब्द वाचले तर चुकीचाच अर्थ लागतो. तो पहिला, सुमारे 20 पौंडांचा चषक निवडून घेणाऱ्या समितीत पॅलेसचा डग्लस ऑलपोर्ट होता. चार्ल्स चेनरी इंग्लंडच्या पहिल्या आंतरराष्ट्रीय सामन्यात, नोव्हेंबर 1872 मध्ये, खेळला. गोलरक्षक अलेक्झांडर मॉर्टनही इथलाच. या क्लबचा शेवटचा ज्ञात सामना डिसेंबर 1875 चा. पुढे काही नाही.

आता खरा गुंता. 'क्रिस्टल पॅलेस' हे नाव एका इमारतीचं, एका मैदानाचं, एका कंपनीचं आणि निदान दोन फुटबॉल क्लबांचं आहे. 1861 चा पुरस्कार करणारे म्हणतात, मैदान तेच, त्याची मालक क्रिस्टल पॅलेस कंपनी तीच, म्हणून क्लबही तोच. गल्लीतलं एखादं मंडळ बंद पडावं, तीस वर्षांनी त्याच चौकात नव्या पोरांनी नवं मंडळ काढावं आणि जागामालक तोच आहे म्हणून पाटीवर जुनं 'स्थापना' साल रंगवावं, तसलाच हा प्रकार. वर्गणीच्या वहीत जुन्यांपैकी एक तरी नाव आहे का, हे कुणी विचारायचंच नाही.

आणि इथे कंपनीचा धागाही तुटतो. 1895 पासून एफए कपचा अंतिम सामना याच मैदानावर होत असे. कंपनीने तिथे स्वतःचा संघ काढायचं ठरवलं तेव्हा असोसिएशनने नकार दिला, कारण अंतिम सामन्याच्या मैदानाचा मालकच संघ चालवतो हे त्यांना पसंत नव्हतं. वाट काढली ती अशी: क्लबसाठी निराळी कंपनी उभी केली आणि 1905 मध्ये तिने मैदान भाड्याने घेतलं. सिडनी बोर्न अध्यक्ष, अ‍ॅस्टन व्हिला क्लबकडून आलेला एडमंड गुडमन सचिव, जॅक रॉबसन पहिला व्यवस्थापक, पगारी खेळाडू, सदर्न लीगचा दुसरा विभाग. परवानगी मागावी लागली, वेगळी कंपनी नोंदवावी लागली, खालच्या विभागातून सुरुवात करावी लागली. जुना क्लब जिवंत असता तर यातलं काय करावं लागलं असतं?

दोन क्लबांत माणसांचा, हिशेबाचा, सलग सामन्यांचा दुवा हवा. सलग जगलेल्या क्लबने नाव बदललं, मैदान बदललं तरी चालतं: आजचा पॅलेस 1915 मध्ये नौदलाने जागा घेतल्यावर त्या टेकडीवरून निघाला, 1924 ला सेलहर्स्टला आला आणि तरी तोच राहिला. जागेने क्लब ठरत असता तर तेव्हाच संपला असता.

किरकोळ गोष्टी उरल्या त्या एका दमात. काचमहाल जळाला 30 नोव्हेंबर 1936 ला. त्या आगीत क्लबचं मैदान गेलं असं लिहिणाऱ्यांनी वरचं 1915 साल पुन्हा वाचावं. लाल-निळा रंग आणि गरुड 1973 मध्ये व्यवस्थापक माल्कम अ‍ॅलिसनने आणले, त्याआधी व्हिलासारखा मरून-आकाशी वेश आणि 'ग्लेझियर्स', म्हणजे काच बसवणारे, हे टोपणनाव. सर्वांत जुना क्लब म्हणाल तर शेफिल्ड एफसी, 1857. व्यावसायिकांत नॉट्स काउंटी, 1862, हेच मी लिहीन.

आकडेवारीत 'पॅलेसची पहिली एफए कप उपांत्य फेरी: 1872' दिसली की ती जुन्या क्लबच्या खात्यावर टाका. आजच्या क्लबची पहिली 1976 ची, तिसऱ्या विभागात असताना, साउदॅम्प्टनकडून 0-2 हार. आणि 2025 चा चषक 164 वर्षांनी आला असं कुणी लिहिलं, तर त्याने 1875 ते 1905 मधले सामने कुठून आणले तेवढं विचारा.