क्रेमेर, ब्रुनो

(६ ऑक्टोबर १९२९ – ७ ऑगस्ट २०१०). फ्रेंच रंगभूमी, चित्रपट व दूरचित्रवाणी अभिनेता. पॅरिसला लागून असलेल्या सँ-माँदे येथे जन्म. पॅरिसच्या राष्ट्रीय नाट्यशाळेत झाँ-पोल बेलमाँदो, झाँ रोशफोर, झाँ-पिएर मारिएल हे त्याचे सोबती. बेलमाँदो पडद्यावर लवकर चमकला. क्रेमेरची पहिली दहाएक वर्षे मुख्यतः रंगभूमीवर गेली. झाँ आनुईच्या ‘बेकेट’ या नाटकाच्या १९५९ च्या पॅरिसमधील पहिल्या प्रयोगांत इंग्लंडचा मध्ययुगीन आर्चबिशप थॉमस बेकेट त्यानेच उभा केला.

चित्रपटात त्याला खरी ओळख मिळाली ती पस्तिशीत, पिएर शोंदोर्फरच्या ‘३१७ वी तुकडी’ (१९६५) या चित्रपटाने. दिग्दर्शक स्वतः व्हिएतनाममधील दिएन बिएन फूच्या लढाईत कैद झालेला युद्धछायाचित्रकार; चित्रीकरण कंबोडियाच्या जंगलात, मोजक्या माणसांनिशी. १९५४ मध्ये हिंदी-चीनमध्ये (व्हिएतनाम, लाओस, कंबोडिया या फ्रेंच वसाहतींत) माघार घेणाऱ्या फ्रेंच तुकडीतला विल्सडोर्फ क्रेमेरने रंगवला. हा जर्मनीच्या सीमेवरच्या अल्सास या फ्रेंच प्रांताचा माणूस, दुसऱ्या महायुद्धात जर्मन सैन्यात जबरदस्तीने ओढला गेलेला. झाक पेराँने साकारलेल्या कोवळ्या अधिकाऱ्यापुढे त्याचा अनुभव बोलण्यातून कळतच नाही. तो बसतो कसा, चालतो कसा, यातून कळतो. युद्धपटांत इतका विश्वसनीय सैनिक क्वचितच दिसला असेल.

यानंतर त्याला सैनिकाच्या साच्यात बसवणे सोपे होते, पण तो बसला नाही. ‘पॅरिस जळते आहे का?’ (१९६६) यात तो जर्मन ताब्याविरुद्धच्या प्रतिकार चळवळीतला कर्नल रोल-तांगी झाला, व्हिस्कोंतीने काम्यूच्या ‘परका’ कादंबरीवर काढलेल्या चित्रपटात (१९६७) धर्मगुरू, ‘लाल्पागर’मध्ये (१९७६) बेलमाँदोसमोर थंड रक्ताचा खुनी, क्लोद सोतेच्या ‘एक साधी गोष्ट’मध्ये (१९७८) रोमी श्नायडरसोबत. ‘नॉस ब्लांश’मध्ये (१९८९) विद्यार्थिनीच्या प्रेमात पडून उद्ध्वस्त होणारा तत्त्वज्ञानाचा शिक्षक त्याने केला, ती विद्यार्थिनी म्हणजे व्हानेसा पारादी.

विल्यम फ्रीडकिनच्या ‘सॉर्सरर’ (१९७७) या अमेरिकी चित्रपटात तो घोटाळ्यातून पळालेला पॅरिसचा धनिक आहे. दक्षिण अमेरिकेच्या जंगलातून स्फोटके वाहणाऱ्या ट्रकमध्ये तो सोबत्याला बायकोने दिलेले मनगटी घड्याळ दाखवतो, लग्नाची आठवण सांगतो, आणि बोलता बोलताच ट्रक उडतो. त्या काही क्षणांत तो घोटाळेबाज एका स्त्रीचा नवरा होऊन जातो.

त्याच्या अष्टपैलुत्वात वेषांतराचा भाग फार थोडा. रुंद खांदे, जड पापण्या, खर्जातला आवाज सगळीकडे तोच. बदलते ती त्या स्तब्धतेमागची गोष्ट. याचा सर्वांत धीट उपयोग फ्रांस्वा ओझोंने ‘सू ल साब्ल’मध्ये (२०००) केला. त्यात क्रेमेर सुरुवातीलाच समुद्रकिनाऱ्यावरून नाहीसा होतो. शार्लट रॅम्पलिंगने रंगवलेली पत्नी हे मानायलाच तयार नसते, आणि तो तिला घरात दिसत राहतो. इतका भारदस्त माणूस पडद्यावर आधी पाहिलेला असल्यानेच त्याचे नसणे जाणवते.

सामान्य प्रेक्षकांसाठी मात्र तो कादंबरीकार जॉर्ज सिमनाँचा पोलीस अधिकारी मेग्रेच. याआधी झाँ रिशारने १९६७ ते १९९० ही भूमिका फ्रेंच दूरचित्रवाणीवर गाजवली होती, त्यामुळे तुलना अटळ होती. क्रेमेरने १९९१ ते २००५ या काळात चित्रपटाच्या लांबीचे ५४ भाग केले. मालिकेने १९५० च्या दशकातले पॅरिस उभे केले. काही चित्रीकरण प्रागमध्ये झाले. त्याचा मेग्रे संशयिताला धमकावत नाही. पाइप ओढत समोर बसतो, गप्प राहतो. ती शांतता असह्य होऊन माणूस बोलू लागतो. सिमनाँच्या कथांत गुन्ह्यापेक्षा गुन्हेगाराचे मन महत्त्वाचे असते, आणि या धिम्या अभिनयाला ते नेमके सापडले.

‘एक तरुण’ या अर्थाच्या शीर्षकाचे त्याचे आठवणींचे पुस्तक २००० मध्ये निघाले. पुढे कर्करोगाने त्याचा आवाज खालावला. मालिकेच्या शेवटच्या भागात चेहरा त्याचा असला, तरी संवाद व्हिन्सां ग्रासच्या आवाजात ऐकू येतात. पॅरिसमध्ये त्याचे निधन झाले.