मूकाभिनेता पडद्यावर बोलत नाही?

मूकाभिनय करणाऱ्याला संवाद जमत नाहीत, सिनेमात त्याला फक्त मुक्याचीच कामं मिळतात, हा समज फार जुना आहे आणि साफ चुकीचा आहे. दाखला म्हणून हमखास फ्रेंच कलावंत मार्सेल मार्सो यांचं नाव पुढे केलं जातं. पण १९६८च्या ‘बार्बारेला’त तेच मार्सो प्रोफेसर पिंग म्हणून चक्क संवाद बोलले आहेत! १९७६च्या ‘सायलेंट मूव्ही’त तर अख्ख्या चित्रपटात ऐकू येणारा एकच शब्द आहे, ‘नाँ’, म्हणजे ‘नाही’, आणि तो त्यांच्याच तोंडी. त्यांचे गुरू एत्येन दक्रू हेही बोलपटांत संवाद म्हणत.

मुळात या कलेचा कस आवाजात नाही, शरीरात लागतो. हवेतली भिंत दाखवताना तळवा आधी सैल असतो, ‘भिंती’ला टेकताक्षणी बोटं ताठ होतात. मग हात जागचा तसूभरही हलू द्यायचा नाही आणि त्याच्याभोवती बाकीचं अंग सरकवायचं. मला तर हीच सगळ्यात अवघड गोष्ट वाटते. हात बोटभर जरी घसरला, तरी भिंत गायब होते.